झीलकऱ्याची जागा

माझा थोरला भाऊ जत्रांमध्ये डफावर गायचा. आम्ही सगळे त्याला अण्णा म्हणत असू. इतर दिवशी तो हुबळीजवळ अमरगोळच्या बाजार आवारात पोती काट्यावर चढवायचा. गाणं असलं की डफ पाठीला बांधून बस धरायची, असं वर्षानुवर्षं चाललं. अळणावरच्या बाजूला कानडी पदं, आमच्या वस्त्यांत मराठी. अलीकडे लोक त्याची गाणी मोबाइलवर अर्धीमुर्धी उतरवून घ्यायचे आणि त्या तुकड्यांवरून लांबची बोलावणीही यायची. मी शिकले, धारवाडात कॉलेजात शिकवू लागले, तिथेच सप्तापुरात राहिले. घरी आला की माझ्या पुस्तकांच्या कपाटासमोर उभा राहून तो म्हणायचा, "मास्तरीणबाई, ह्यातलं म्हणून दाखवण्यासारखं काय हाय का?"

तो एकटा कधीच गायला नाही. त्याच्या डाव्या अंगाला, अर्धं पाऊल मागे, त्याचा झीलकरी उभा असायचा. शेजारच्या गावचा कानडी माणूस, हातात तुणतुणं. मी त्यांना मामा म्हणते. अण्णाने ओळ म्हणायची, तिचं टोक मामांनी वर उचलून लांबवायचं, हीच झील, आणि ती खाली उतरेपर्यंत अण्णाने दम घ्यायचा.

मग अण्णाच्या घशात गाठ निघाली. हुबळीच्या डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, स्वरयंत्र काढावं लागेल, आवाज राहणार नाही. ऑपरेशनला आठ दिवस होते. त्या आठ दिवसांत त्याचा आवाज धरून ठेवायचा, एवढं एकच माझ्या डोक्यात होतं. गोकुळ रोडला एका वर्कशॉपच्या माडीवर एक रेकॉर्डिंगची खोली मिळाली. खालची यंत्रं रविवारी बंद असतात म्हणून रविवार ठरवला.

मामा भल्या सकाळच्या बसने येऊन आमच्या आधी जिन्यात बसले होते. रेकॉर्डिंग करणारा म्हणाला, "मॅडम, दोघं एकदम गायले तर आवाज एकात एक मिसळतील. मग ह्यांचा वेगळा काढता यायचा नाही." मला अण्णाचा आवाज हवा होता, निखळ. मी बाहेर येऊन मामांना तसं सांगितलं.

"असू दे की अक्का," ते म्हणाले. "त्याचा ऱ्हाऊ दे. माझं काय, मी हायच."

आणि ते जिन्यातच बसून राहिले.

काचेपलीकडे अण्णा पहिली ओळ म्हणाला आणि त्याने डावीकडे वळून पाहिलं. रेकॉर्डिंग करणाऱ्याने माइककडे बघायची खूण केली. अण्णा हसला. दुसऱ्या ओळीनंतर पुन्हा मान वळली. नंतर त्याने डोळे मिटून घेतले. ओळ म्हणायचा, थांबायचा, ओठ मिटलेले, बोटं डफाच्या कडेवर हलकेच चालू, मग पुढची ओळ. तो तेव्हा आतल्या आत मामांची झील ऐकत होता हे मला आज कळतं. त्या दिवशी मला वाटलं, दम लागतोय बिचाऱ्याला.

संध्याकाळी रेकॉर्डिंग करणाऱ्याने विचारलं, "मध्ये मध्ये रिकामं पडलंय. काढून टाकू का?"

मी आयुष्यभर मुलांच्या निबंधांतला फापटपसारा तांबड्या पेनाने खोडत आले. मी म्हणाले, "काढा. सलग होऊ दे."

ऑपरेशननंतर अण्णा सात महिने जगला. मी रेकॉर्डिंग घेऊन गेले, त्याच्या उशाशी लावलं. दोन पदं ऐकून त्याने तळवा वर केला. काट्यावर आणखी पोतं नको असलं की तो असाच हात करायचा. मला वाटलं, थकला. वहिनीलाही तेच वाटलं. पुन्हा त्याने ते लावा अशी खूण केली नाही.

तेराव्याला मामा आले. जेवणं झाल्यावर ओसरीत बसून म्हणाले, "अक्का, त्या दिवशीचं लाव की जरा. मी ऐकलंच न्हाई." तुणतुणं त्यांनी बरोबर आणलं होतं. मी फोन त्यांच्यासमोर ठेवला. अण्णाची पहिली ओळ आली. मामांनी सवयीने मान वर करून टोक उचललं, आणि त्यांचा सूर वर पोचण्याआधीच अण्णाची दुसरी ओळ त्यावर येऊन आदळली. ते थांबले. पुढच्या ओळीला पुन्हा उचललं. पुन्हा तेच.

"अय्यो, ह्येला कसली घाई झालीया?" ते वहिनीकडे बघून म्हणाले. "असा कधी गायला न्हाई बघा त्यो. मला सोडून पळालाय."

वहिनी तोंडाला पदर लावून आत गेली. मी सांगितलं. घाई अण्णाची नव्हती, मधली जागा मी काढायला लावली होती.

मामांनी तुणतुणं मांडीवर आडवं ठेवलं. मग विचारलं, "ती जागा परत घालता येती का?"

मी दुसऱ्या दिवशी रेकॉर्डिंग करणाऱ्याला फोन केला. मूळ फाइल पुसली गेली होती. तो भला माणूस हळहळला, म्हणाला, इतके महिने कुणी ठेवत नाही.

हे सांगायला मी मामांच्या गावी गेले. पदं त्यांना पाठ असतील, त्यांनी एकट्याने म्हणावीत, असंही माझ्या मनात होतं. ते म्हणाले, "झील उचलायची असती अक्का. कुणी म्हटल्याशिवाय मी काय उचलू? तू म्हण."

मी जन्मात कधी गायले नव्हते. लहानपणापासून कानावर असलेलं एक पद सुरू केलं. "वाचू नगं, म्हण," मामा म्हणाले. मी पुन्हा म्हणाले, जमेल तसं. त्यांनी टोक उचललं, वर नेलं, सावकाश खाली आणलं आणि माझ्याकडे पाहिलं. दुसरी ओळ मला आठवेना. त्यांनी झील परत फिरवली. मग आणखी एकदा, हळू. मी नकारार्थी मान हलवली. त्यांनी तुणतुणं भिंतीला टेकवलं आणि आत हाक मारून माझ्यासाठी पाणी मागितलं.