शिंपिणीला सांगितलेली गोष्ट

अमेरिकेत मॉरिसव्हिलच्या आमच्या वसाहतीतल्या क्लबहाऊसमध्ये महिन्याला एक युरोपीय सिनेमा दाखवायचाच, हा हट्ट माझा. त्या खेपेला निवडलेल्या बेल्जियन सिनेमात बारा वर्षांच्या मुलीला पहिल्यांदा पाळी येते. ती आईला काही बोलत नाही, खालच्या मजल्यावरच्या शिंपिणीला सांगते. तिकडे म्हणे यावरून बराच गदारोळ झाला होता. इकडे वसाहतीतल्याच, मूळच्या नागपूरच्या एका काकांचा फोन आला, "मुलंबाळं असतात हो तिथे. कॅन्सल करून टाका."

मी कुणाला जुमानणारी नाही. "घरोघरी घडतं ते पडद्यावर दिसलं तर काय बिघडलं, काका?" वर हेही ऐकवलं, की आमच्या घरी असली लपवाछपवी नाही. तीन वर्षांपूर्वी लेकीने पाळी आल्याचं सांगितलं, त्या दिवशी मी शिरा केला होता आणि आकृत्या काढून तिला तासभर सगळं समजावलं होतं. मला तेव्हा स्वतःचं भारी कौतुक वाटलं होतं.

सिनेमाला काकांसकट सगळे आले. शिंपिणीने मशीन थांबवून मुलीला जवळ घेतलं, तेव्हा कुणी खोकलंसुद्धा नाही. संपल्यावर मी ऐटीत उभी राहिले आणि युरोपीय कुटुंबांत आई-मुलींमध्ये पडलेल्या अंतरावर बोलू लागले.

"इट्स नॉट अ युरोपियन थिंग, आई," मध्येच लेक म्हणाली. चौदा वर्षांची पोर, पण भीडभाड माझ्याइतकीच. "तू शिरा केलास ना, त्याच्या फोर मंथ्स आधीच माझे पीरियड्स स्टार्ट झाले होते. मी मावशीला सांगितलं होतं."

मावशी म्हणजे आमच्या शेजारीणबाई, लेकीच्या मैत्रिणीची आई. त्या पहिल्याच रांगेत बसल्या होत्या आणि एकदम खाली बघू लागल्या.

"मला का नाही सांगितलंस?"

"तू एक्स्प्लेन केलं असतंस."

मला भयंकर राग आला, आधी मावशींचा, मग माझाच. चार महिने ही पोर माझ्याच घरात गप्प राहिली, आणि नंतर माझं समाधान व्हावं म्हणून तासभर मान डोलावत बसली. तिला द्यायचं उत्तर माझ्याकडे तयार होतं, मुद्देसूद. ते मी गिळलं. सगळ्यांदेखत मावशींना विचारलं, "फार रडली होती का हो?"

मावशींनी मान हलवली. हो म्हणून.