लांडग्याची लोकर

आमच्या बोरीत सोंगाचा मुखवटा म्हणलं की लोक माझ्याच दारात येतात. कागदाचा लगदा, चिंचोक्याची खळ आणि कीड लागू नये म्हणून मेथीचं पीठ. कुणी शिकवलं न्हाई, हाताला आपोआप कळत गेलं.

मागं गावात सिनेमावाले आले. माणसाचा लांडगा होतो, अशी गोष्ट. मला वाटलं, आता बोलवतील. मी मुखवटे पुसून ओट्यावर मांडून बसले. कुणी फिरकलं न्हाई. लांडगा करायला पुण्याची पोरगी आली होती, माझ्या नातीएवढी.

राहवंना, म्हणून बघायला गेले. तिनं नटाच्या तोंडावर रबरासारखं मऊ कातडं चढवलं होतं. तो हसला की लांडगा हसायचा. पापणीसुद्धा हलायची! माझ्या एकाही मुखवट्याची पापणी कधी हलली न्हाई. लय जळले मी, खोटं कशाला सांगू?

लांडग्यासाठी आणलेले केस कमी पडले होते, म्हणून तिनं धनगराच्या घरची काळी लोकर आणली होती. चिमटीत धरून बघितली तर तेलकट. रिठ्याच्या पाण्यात दोनदा धुतल्याबिगर लोकर डिंक धरत न्हाई. सांगणारच होते, तेवढ्यात ती म्हणाली, "आजी, हात नका लावू. लांबून बघा."

"बरं बाई," म्हणलं आणि तोंड मिटलं.

दुसऱ्या दिवशी लांडगा उन्हात गुरगुरला आणि गालावरची लोकर झुपक्याझुपक्यानं गळाली. माझी जाऊ म्हणाली, "लांडग्याला खरूज झाली की वं!" सगळ्यांत मोठ्यानं मीच हसले.

सिनेमावाल्यांचा साहेब ओरडला, "संध्याकाळपर्यंत जमलं नाही, तर लांडगाच काढून टाकतो!"

पोरगी खाली बसून एकेक झुपका वेचायला लागली. माझं हसू तिथंच विरलं. हिचा लांडगा गेला तर ती पापणी पुन्हा कुठं बघायची? घरी जाऊन रिठे घेऊन आले.

"दे इकडं ती लोकर. तेल हाय तिच्यात."

ती माझ्याकडं बघत राहिली. "तुम्हाला काल माहीत होतं?"

"व्हय."

तिनं लोकर तेवढी माझ्या हातात दिली. मी ती दोनदा धुतली, पत्र्यावर वाळत घातली. आमचं ऊन कधी न्हाई ते कामाला आलं.

दिवस मावळायच्या आत लांडगा पुन्हा गुरगुरला. एक केस गळाला न्हाई. पोरं किंचाळत पळाली.

मग मी हळूच विचारलं, "पापणी कशी हलती गं?"

"हा एक मुखवटा नाहीये, आजी. सुटे तुकडे आहेत. पापणीचा पातळ पापुद्रा नटाच्या पापणीवरच चिकटवलाय. हात लावून बघा ना."

लावला. गाल कोमट लागला, जित्या माणसाचा असतो तसा. पापणी माझ्या बोटाखाली फडफडली.

जळणं कमी झालं म्हणावं, तर न्हाई. वाढलंच.