मानपत्रातला एक शब्द

गावातून कॉलेजात गेलेला मी पहिला. त्यामुळे सुट्टीत घरी आलो की कुणाचं पत्र, कुणाचा अर्ज माझ्याकडे यायचा. इंटरच्या परीक्षेनंतरच्या उन्हाळ्यात मानपत्राचं काम आलं.

मोठ्या रस्त्यावरून गावात येणारा फाटा श्रमदानाने तयार झाला होता. तो गावात संपत नव्हता. पुढे सरपंचांच्या भातगिरणीच्या दारापर्यंत जात होता. उद्घाटनाला पुण्याहून एक पुढारी येणार होते. सरपंचांनी मला गिरणीवर बोलावलं.

"चांगलं जड लिव," ते म्हणाले. "कालिजातल्या मानसानं लिवलं की कुनाला कळत न्हाई, पन समद्यांना पटतं."

गिरणीवरचे लोक हसले. मीही हसलो.

रस्ता माझ्या काकीच्या खाचरातून गेला होता. काकी विधवा, मूलबाळ नाही. ओढ्याच्या कडेचं, पाणी धरून ठेवणारं ते एकच भातखाचर तिचं. पुण्यात मी जो तांदूळ शिजवून खात असे, तो तिथलाच. रस्ता आखताना सरपंच तिला म्हणाले होते, "वैनी, जागंला जागा देऊ. गायरानातला तुकडा तुमच्या नावावर करून देतो." कागद काही झाला नव्हता.

मानपत्रात मी एक वाक्य घातलं: 'या गावच्या शेतकरी बंधुभगिनींनी राष्ट्राच्या उभारणीसाठी आपल्या जमिनी स्वखुशीने अर्पण केल्या.' असली वाक्यं वर्तमानपत्रात वाचून वाचून माझ्या कानात बसली होती. लिहिताना काकी आठवली नाही, असं म्हणायला मला आवडेल. पण आठवली होती, आणि त्या वाक्यात ती चांगली दिसेल असं वाटलं होतं.

सभेत मानपत्र मीच वाचलं. काकी बायकांमध्ये पुढे बसली होती. टाळ्या पडल्या तेव्हा तिनेही वाजवल्या. घरी येताना म्हणाली, "कळलं न्हाई काय त्ये, पन आवाज लई चांगला लागला तुजा."

पावसाळा सरला तरी गायरानातला तुकडा मिळाला नाही. दिवाळीच्या सुट्टीत मी तिला घेऊन तालुक्याच्या कचेरीत गेलो. कारकुनाने फाइल काढली. आत माझ्याच अक्षरातली मानपत्राची प्रत लावलेली होती. त्या वाक्याखाली कुणीतरी तांबड्या पेन्सिलीने रेघ ओढली होती.

"बाईंनी जमीन दान दिलीय," कारकून म्हणाला. "दानाच्या बदल्यात जमीन कशी मिळेल?"

"काय लिवलंय?" काकीने मला विचारलं.

मी वाचून दाखवलं.

"स्वखुशीनं मंजी?"

"आपल्या मनानं."

"मला तर कुनी इचारलंच न्हाई. ह्ये लिवलं कुनी?"

"मी."

कारकून वाईट माणूस नव्हता. तो मला म्हणाला, "बाईंची संमती नव्हती, मी न विचारता लिहिलं, असं सहीनिशी लिहून द्या. मी वर पाठवतो."

"मंग दे की लिवून," काकी म्हणाली. "तुला काय, दोन वळी."

दौत आणि टाक समोरच होते. पण फीमाफीच्या अर्जाला सरपंचांच्या सहीचा दाखला लागतो, आणि दुसऱ्या सत्राचा माझा दाखला अजून व्हायचा होता. दाखला नाही तर कॉलेज नाही. मी म्हणालो, "नीट विचार करून लिहायला पाहिजे. पुण्याहून पाठवतो." कारकुनाने फाइल पुन्हा बांधली.

एसटीची वाट पाहत आम्ही झाडाखाली बसलो. काकी म्हणाली, "सरपंचाची सही झाली का रं तुजी?"

"नाही अजून."

"हां," ती म्हणाली.

सही दुसऱ्याच दिवशी झाली. सरपंचांनी कागद न वाचताच केली.

आता मी शेवटच्या वर्षाला आहे. काकी गिरणीवर तांदूळ पाखडायला जाते. मजुरीवर थोडी कणी मिळते. यंदा पुण्याला निघालो तेव्हा तिने नेहमीसारखी पिशवी भरून दिली. आत कणी होती. मी ती घेतली.

हे इतकं लिहिलं, पण कचेरीत द्यायच्या त्या दोन ओळी अजून लिहिलेल्या नाहीत. यंदाचा दाखला सरपंचांकडे पडून आहे.