शेतात पाय देऊ नको

माझा स्वभाव पहिल्यापासून तापट. म्हणून आमच्या दिग्दर्शक बाईंबरोबर मी टिकले कशी, याचंच सगळ्यांना नवल. नव्वद सालानंतरची गोष्ट. मी सानपाड्याला राहायचे, नुकतं कॉलेज संपलेलं. बाईंना माइक धरायला कुणीतरी हवं होतं आणि मला काम हवं होतं. त्या माहितीपट बनवायच्या, पण पद्धत जगावेगळी. विषय ‘भारतीय म्हणजे कोण’, आणि अख्ख्या फिल्ममध्ये एकही मुलाखत नाही! प्रत्येकाला एकच सांगायचं, “आपलं म्हणाल ते ठिकाण कुठलं? बोलू नका, चालून दाखवा.” लोक देवळात न्यायचे, नाहीतर शाळेत. ह्याला काय फिल्म म्हणतात, असं मी घरी रोज कुरकुरायचे.

बोनकोड्यात एक आगरी आजी भेटली. तिची भातशेती नव्या शहरात गेलेली. तिथं आता सोसायट्या, रस्ते आणि एक मोकळं मैदान. “नातवाला सांगतंय तं हसतंय मना,” ती म्हणाली. “माजा शेत फिल्मीन घे बाय, खल्यापरत सगला.” खळं म्हणजे मळणीची जागा, शेताच्या पार टोकाला. बाईंनी मान डोलावली. कॅमेऱ्यात शेवटचं रीळ होतं, अकरा मिनिटांचं.

आजी निघाली. डांबरी रस्त्यावर मध्येच डावीकडे वळली, दहा पावलांवर पुन्हा उजवीकडे. काही म्हणता काही कारण नाही! एका सोसायटीच्या गेटापुढं तिनं लुगडं सावरलं आणि कोरड्या जमिनीवरून लांब ढांग टाकली. तिथं पूर्वी पाण्याचा पाट होता. वॉचमन बघतच राहिला.

मैदान आलं. खळ्याची जागा समोरच्या कोपऱ्यात, सरळ गेलं तर दोन मिनिटं. आजी मात्र कडेकडेनं, पावलापुढं पाऊल टाकत निघाली. मला रिळाचं टेन्शन. “आजी, सरळ चला ना, वळसा कशाला?” म्हणत मी मैदानात घुसले.

आजी किंचाळली, “शेतान पाय नको देव! पीक उबा हाय!”

आणि काय सांगू, मी झटकन पाय उचलला! मी साताऱ्याकडची, शेतकऱ्याची नात. उभ्या पिकात पाय देणाऱ्याचा आमच्याकडे उद्धार होतो. सुकं मैदान, पोरांचे क्रिकेटचे स्टंप, आणि मी एका पायावर उभी, शरमेनं लाल. मला भात दिसलं नाही, खोटं कशाला बोलू? पण तिथं पीक नाही असं म्हणायची माझी छाती झाली नाही. मुकाट्यानं मागं फिरले आणि तिच्यामागं बांधावरून चालू लागले.

शेवटचं वळण बाकी असताना हेडफोनमधली कॅमेऱ्याची घरघर थांबली. रीळ संपलं. बाईंनी कॅमेरा डोळ्यावरून काढला नाही, तशाच चालत राहिल्या. आजी कोपऱ्यात पोचली, चपला काढल्या, भुईला हात लावून कपाळाला लावला. मग वळून विचारलं, “आला का सगला?”

हो म्हणा, हो म्हणा, मी मनात घोकत होते. तिला काय कळणार आहे? बाईंनी कॅमेरा खाली घेतला.

“नाही आजी. खळं राहिलं. रीळ संपलं, आणि नवं कधी मिळेल ते सांगता येत नाही.”

मला रडू फुटायच्या बेतात होतं. आजीनं चपला हातात घेतल्या आणि आम्हा दोघींकडं बघून हसली.

“मंग कय झाला? मिलंल तवा ये. शेत कय पलून जातंय?”