मादामची मेंदी

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, लेकीला नाही. एकदा बहिणीला फोनवर सांगायला घेतलं आणि मधेच कैरीच्या लोणच्याला मोहरी किती घालतेस ते विचारून मोकळी झाले. आता तुम्हाला सांगते आहे — पुन्हा लोणच्यावर गेले तर मला थांबवा.

तशी मी खोटं बोलणारी बाई नाही. उलट तोंडाची फटकळ म्हणून माहेरी-सासरी बदनाम. मग त्या दिवशी ही जीभ कुठे शेण खायला गेली होती?

आधी आम्ही कोण ते सांगायला हवं. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. माझं माहेर पेणचं. घरात मराठी, शनिवारी चूल बंद, नवस फेडायचा तर मलिदा. सिनेगॉगला आम्ही मशीद म्हणतच मोठे झालो. ऐंशीच्या दशकात नवऱ्याच्या चिप कंपनीतल्या नोकरीमुळे आम्ही अमेरिकेत, कॅलिफोर्नियातल्या सनीव्हेलला एका अपार्टमेंट कॉम्प्लेक्समध्ये राहत होतो. मराठी मंडळात लोक विचारायचे, "ज्यू? म्हणजे पारश्यांसारखं का हो?" त्याचं मला हसू यायचं. पण सिनेगॉगमधल्या गोऱ्या बायका विचारायच्या, "मिलका, तुम्ही कन्व्हर्ट कधी झालात?" त्याचं हसू यायचं नाही. आमचे पूर्वज जहाज फुटून कोकणच्या किनाऱ्याला लागले ही गोष्ट मी तिथल्या कॉफीच्या टेबलापाशी किती वेळा सांगितली असेल! ऐकणारी मान डोलवायची, आणि डोळे माझ्या कपाळावर टिकली शोधत असायचे.

मादाम आमच्या अगदी खालच्या फ्लॅटमध्ये राहायची. मुलाच्या मागोमाग फ्रान्सहून आलेली विधवा, सत्तरीची. नेहमी इस्त्रीचा स्कर्ट, गळ्यात रेशमी रुमाल. सिनेगॉगमध्ये सगळे तिला 'फ्रेंच लेडी' म्हणायचे आणि तिनेही ते कधी खोडून काढलं नाही. आमचं जमलं ते डब्यावरून. मी तिला काहीतरी पाठवायची, ती डबा धुऊन परत आणायची. पहिल्यांदा रिकामा आणला तेव्हा मी तिला सांगितलं, आमच्याकडे डबा रिकामा परत करत नाहीत. त्यानंतर तिने एकदाही केला नाही. खजूर, नाहीतर बदामाच्या वड्या, काहीच नसेल तर दोन लिंबं.

एकदा माझा अल्बम चाळताना तिने एका फोटोवर बोट ठेवलं आणि एकदम रडायलाच लागली. माझ्या मेंदीचा फोटो तो. हिरवी साडी, हिरवा चुडा, दोन्ही हात मेंदीने माखलेले, शेजारी आई. आमच्यात लग्नाच्या आदल्या दिवशी मेंदी असतेच. त्या दिवशी मोडक्या इंग्रजीत ती सगळं बोलली. ती मूळची फ्रेंच नव्हतीच. अल्जीरियाच्या दक्षिणेला, पार वाळवंटातल्या गावची. घरात अरबी बोलायचे. खरं नाव झोहरा. शाळेतल्या फ्रेंच बाईंना ते आवडेना, म्हणून त्यांनी ल्युसी केलं. तिथे तेव्हा राज्य फ्रेंचांचं; त्यांनी कायदा करून उत्तरेकडच्या ज्यूंना फ्रेंच नागरिक केलं, आणि हिच्या गावच्यांना वगळलं. प्रार्थना तीच, सण तेच — पण ते फ्रेंच, आणि हे 'नेटिव्ह'. हा शब्द मला कुणी समजावून द्यायला नको होता. लग्न होऊन ती उत्तरेला, अल्जिअर्स शहरात गेली, तर सासरी कुणी गावंढळ म्हणू नये म्हणून हातांची मेंदी आधी लिंबाने घासली, मग ब्लीचने. कातडी सोलून निघाली, रंग काही जाईना. "आईने लावली होती गं ती," असं म्हणत स्वतःचे हात बघत बसली होती.

मला हे सगळं माहीत होतं. म्हणजे मला माहीत नव्हतं असं म्हणायलाही जागा नाही.

तिच्या नातीचं लग्न ठरलं. मुलगा आमच्याच सिनेगॉगमधल्या एका वजनदार घरातला; त्याची आई बार्बरा बायकांच्या कमिटीची अध्यक्ष. मादामची एकच इच्छा होती — नातीच्या तळहातावर स्वतःच्या हाताने मेंदी लावायची. दुसरं काही नको होतं हो तिला! भाच्याकडून मार्सेयहून मेंदीची पूड मागवली होती, पांढऱ्या फडक्यात गाठ मारून ठेवली होती. मला दोनदा उघडून वास दिला.

लग्नाआधीच्या रविवारी आम्ही सगळ्या सिनेगॉगच्या किचनमध्ये बटाटे सोलत होतो. मादामने विषय काढला. तिची अमेरिकन सून लाजेने लाल झाली. बार्बरा हसत म्हणाली, "पण हे तर अरबांचं असतं ना?" तेव्हा मादामने हातातली सुरी खाली ठेवली, आणि इतकी वर्षं जे लपवलं ते सगळ्यांसमोर सांगून टाकलं. गाव सांगितलं. झोहरा हे नाव सांगितलं. म्हणाली, हे आमचं आहे, ज्यूंचंच आहे. आणि माझ्याकडे वळली. "मिलकाला विचारा. इंडियातले ज्यूही लावतात."

सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या.

त्याच आठवड्यात मला कमिटीवर घेतलं होतं. कन्व्हर्ट कधी झालात हे विचारणं त्या बायकांनी नुकतंच थांबवलं होतं. कारण म्हणाल तर एवढंच. किती क्षुल्लक! पण त्या क्षणी मला ते जीवापेक्षा मोठं वाटलं.

मी म्हटलं, "नाही बाई. आमच्यात नसतं. ते हिंदूंचं."

मादाम बघत राहिली. तिने माझा फोटो पाहिला होता. 'खोटं बोलतेस' एवढं म्हणाली असती तर संपलं असतं. ती म्हणाली, "मग माझीच काहीतरी गफलत होते आहे. म्हातारी झाले." आणि पुन्हा बटाटा सोलायला घेतला. मला वाचवलं तिने — कळतंय ना तुम्हाला? स्वतःचं मागणं सोडून दिलं आणि मला वाचवलं.

लग्नात नातीचे हात कोरे होते. नखांना गुलाबी नेलपॉलिश. मी मुद्दाम पाहिलं.

इथेच थांबले असते तर निदान एक खोटं, एवढ्यावर भागलं असतं. पुढच्या वर्षी माझ्या लेकीचं लग्न ठरलं. आणि मी मेंदी केली. हो, केली! घरात, मुद्दाम वर्किंग डेला, दुपारी, पडदे लावून — सिनेगॉगमधलं कुणी फिरकायला नको म्हणून. मंडळातल्या बायकांना बोलावलं; त्या हौसेने आल्या, गाणी म्हणायला बसल्या. खालच्या मजल्यावर मात्र निरोप गेला नाही. लग्नाची पत्रिका दिली होती तिला. मेंदीबद्दल चकार शब्द नाही. त्या बिल्डिंगमध्ये मी मिक्सर लावला तरी खाली ऐकू जायचं. गाणी गेली नसतील?

बेल वाजली. सगळ्यांचेच हात भरलेले, म्हणून मीच उठले. माझेही तळहात थापलेले होते, पण मी कोपराने कशीबशी कडी काढली. दारात मादाम. हातात माझा स्टीलचा डबा. तिने तो पुढे केला.

मी हात पाठीमागे नेले. तिने पाहिले होतेच. आणि नसते पाहिले तरी वास येत होता, जिनाभर येत होता. ती डबा धरून उभी, मी हात लपवून उभी. शेवटी तिने वाकून डबा पायपुसण्यावर ठेवला. वाकताना तिला त्रास झाला, कठड्याला धरलं. "मबरूक," म्हणाली — म्हणजे मुबारक — आणि एकेक पायरी उतरत खाली गेली.

आतून कुणीतरी विचारलं, "कोण आहे गं?"

"कोणी नाही," मी म्हटलं.

डबा दोन तास तिथेच राहिला, कारण माझी मेंदी वाळायची होती. नंतर उघडला. आत पांढरं फडकं होतं, गाठ मारलेलं. नातीची मेंदी. माझ्या लेकीसाठी आणली होती.

ती आणखी तीन वर्षं खाली राहिली. भेटली की आम्ही हवेबद्दल बोलायचो. मी तिला एकदाही काही म्हटलं नाही, आणि तो डबा पुन्हा कधी खाली पाठवला नाही. ती वारली तेव्हा सिनेगॉगच्या पत्रकात तिचं नाव ल्युसी म्हणूनच छापलं. मी कमिटीवर होते. छापायच्या आधी तो कागद माझ्या हातून गेला होता.

ती मेंदी मी वापरली नाही. तांदळाच्या पिंपामागे ठेवली होती. पुढे फ्रीमाँटला घर घेतलं, सामान बांधताना ती पुरचुंडी हाताला लागली. गाठ तिनेच मारलेली, तशीच. मी ती कचऱ्याच्या पिशवीत टाकली. चुकून नाही — काय आहे, कुणाची आहे, हे माहीत असून टाकली.