गोव्याच्या ट्रायलचा करार

“वकीलसाहेब, वाचताय कशाला? शिक्का तेवढा मारा,” एजंट तिसऱ्यांदा म्हणाला आणि माझं डोकंच फिरलं.

मी साताऱ्यात नोटरी आहे. ‘या माणसानं माझ्यासमोर सही केली’, एवढ्याला मी साक्षी. आतल्या मजकुराची हमी माझी नाही. पण लोकांना वाटतं, गोल शिक्का उमटला की सरकारनं मान डोलावली! एजंटलोकांचं त्यावरच फावतं.

समोर आटपाडीचे हणमंतराव होते, फौजेतले रिटायर्ड हवालदार. शेजारी मुलगा सूरज, वीस वर्षांचा, फुटबॉलवेडा. एजंट त्याला गोव्यातल्या एका क्लबची ट्रायल मिळवून देणार होता. करारात अट होती, सूरजची सगळी ओरिजिनल कागदपत्रं एजंटच्या ताब्यात राहतील. मार्कलिस्ट, शाळेचा दाखला, डोमिसाइल, सगळी फाईल माझ्या टेबलावर होती.

हवालदाराचा मुलगा, म्हणून विचारलं, “सूरज, आर्मीची भरती कधी आहे?”

“म्हैन्यानं हाय. वयात बसतोय ती शेवटचीच.”

“मग तिथं काय दाखवणार?”

सूरजनं बापाकडं पाहिलं. हणमंतराव म्हणाले, “आवं, मागितली की लगीच देतो म्हणत्यात सायेब.”

“तसं करारात लिहा मग.”

एजंट हसला. “विश्वासाचा मामला असतो, साहेब.”

“विश्वास आहे तर करार कशाला हवा?”

मी साफ नकार दिला. एजंटनं हात पुढं केला आणि मी तणतणत फाईल त्याच्याच हातात आपटली. अरे, बाप समोर बसला होता ना? त्याला द्यायची! रागात तेवढंही सुचलं नाही. पलीकडच्या नोटरीकडं त्यांचं काम दहा मिनिटांत झालं.

दीड महिन्यानं हणमंतराव एकटेच आले. ट्रायल झालीच नव्हती. एजंटचा फोन बंद, शिरवळच्या ऑफिसला कुलूप.

“आणि भरती?”

“पळण्यात लय पुढं हुता ओ. कागद तपासताना भायेर काढला. झेरॉक्स चालत न्हाई म्हणले.”

“पोलिसांत गेलात?”

“व्हय. ते म्हणत्यात, राजीखुशीनं दिल्याची सही हाय तुमची, वर नोटरी बी हाय.”

मी कपाळावर हात मारून घेतला. मग लेखी तक्रार, एजंटला नोटीस, पोलिसांतल्या वरच्या साहेबांकडं खेटे. चार महिन्यांनी पोलिसांनी एजंटला शोधून काढलं आणि फाईल परत मिळाली. एकही कागद कमी नव्हता. सूरजचं भरतीचं वय तेवढं निघून गेलं होतं.

आता समोर बसणाऱ्या प्रत्येकाला सही करण्याआधी सांगतो. ओरिजिनल दाखवायची असतात, द्यायची नसतात.