आत्याला नको असलेली ओळ

माझी आत्या धुळ्याला प्राथमिक शाळेत शिक्षिका होती. निवृत्त झाल्यावर तिने पारोळ्याजवळच्या शेतात आपला वाटा मागितला. तिच्या थोरल्या भावाला, म्हणजे माझ्या वडिलांना, ते लागलं. बोलाचाली झाली, दावा दाखल झाला आणि न्यायाधीशांनी दोघांना जळगावच्या कोर्टातल्या मध्यस्थी केंद्रात पाठवलं. तिथे मिटलं. शेत वडिलांकडे, हायवेजवळचा प्लॉट आत्याला. शेवटच्या बैठकीत दोघंही रडत होते. वकिलांनी बोट ठेवलं तिथे दोघांनी सह्या केल्या आणि त्या तडजोडीवर कोर्टाचा हुकूम झाला.

पुढे आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, आली. आमच्याकडे आखाजीला लेकी माहेरी येतात. आत्याची कधी चुकली नव्हती. आईने खापरावरचे मांडे केले. वडील सकाळपासून उगाच स्टँडकडे चकरा मारत होते. आत्या आली नाही.

"प्लॉट भेटला, आता भाऊ कशाला पाहिजे," एवढंच ते म्हणाले.

पावसाळा सरता सरता कोर्टाची नोटीस आली. आत्याने तडजोडीलाच हरकत घेतली होती. वकील म्हणाले, अशा तडजोडीवर सहसा अपील होत नाही, पण संमती खरी नव्हती असं म्हणणं असेल तर त्याच कोर्टात अर्ज करता येतो. तडजोड रद्द झाली तर दावा पुन्हा पहिल्यापासून. वडील त्या दिवशी जेवले नाहीत.

मी धुळ्याला गेले. आत्याने आधी माझ्या ताटात शेवभाजी वाढली, मी जेवले, मग तडजोडीची नक्कल आणून समोर ठेवली. शेवटी लिहिलं होतं, 'यापुढे उभय पक्षांचा एकमेकांशी कसलाही संबंध राहणार नाही.'

"तिथे डोळ्यांत पाणी होतं, दिसलं नाही. घरी येऊन वाचलं," ती म्हणाली. "तुन्हा बापनी हाई कबूल करं. मंग मी कशी येऊ?"

"आत्या, एक फोन करायचास."

"सही माझी आहे. सही करायची आणि गुपचूप मोडायची, असं मला जमत नाही. मोडायचं तर कोर्टात सांगून मोडेन."

घरी येऊन मी सांगू पाहिलं, पण वडील आत्याचं नावही ऐकून घेईनात. तारखेला न्यायाधीशबाईंनी विचारलं, "तडजोड तुमच्या मर्जीविरुद्ध झाली का?"

"शेताचं मर्जीनेच झालं," आत्या म्हणाली. "शेत त्यांनी सांभाळलंय, त्यांनाच राहू द्या. ही एक ओळ माझ्या मर्जीची नाही."

वडिलांनी ती ओळ वाचून दाखवायला सांगितली. ऐकल्यावर ते आपल्याच वकिलाकडे वळले. "हे मी कबूल केलं?"

वकील ओशाळले. असं लिहायची पद्धतच आहे, अर्थ फक्त मिळकतीपुरता असतो, असं त्यांनी सांगितलं.

"मग मिळकतीपुरतंच लिहा," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "दोघांची संमती असेल तर दुरुस्तीचा अर्ज द्या."

अर्ज तयार झाला. तडजोड कायम राहिली, ती ओळ गेली. 'आत्याचा शेतजमिनीवर हक्क राहणार नाही' अशा अर्थाचं वाक्य तिथे आलं. आत्याने चष्मा पुसून अर्ज वाचला, मग वडिलांना वाचून दाखवला, एकेका शब्दावर थांबत, शाळेत वाचावा तसा. वडील मान डोलवत होते.

बाहेर आल्यावर ते तिच्याकडे न बघता म्हणाले, "माले वाटनं तुले शेत पाहिजे."

"आनि माले वाटनं तुले मी नको."

वडिलांनी तिची पिशवी घेतली आणि माझ्या गाडीत ठेवली. धुळ्याच्या बसचं कुणी नावच काढलं नाही. पारोळ्यापर्यंत दोघं मागच्या सीटवर बसून भांडत होते. लहानपणी विहिरीत कुणी कुणाला ढकललं होतं, यावर एरंडोल ओलांडलं तरी त्यांचं एकमत झालं नव्हतं. मला हसू येत होतं. मी गाडी मुद्दाम सावकाश चालवली.